दाजींना कामावरून काढून पावणेतीन वर्षं झाली. आता लेबर कोर्टात जाता येतं का?

कोयनाकाठ | 4 सप्टेंबर 2025, रात्री 11:20

गणपतीला ताईकडे आलोय. काल आरतीनंतर ओट्यावर बसलो होतो तेव्हा दाजींनी पहिल्यांदा सगळं सांगितलं. इतके दिवस आम्हाला एवढंच माहीत होतं की "चाकणचं काम सुटलं".

दाजी गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत सीएनसी मशीनवर होते, चौदा वर्षं. शिफ्ट इनचार्जशी बाचाबाची झाली. दाजी म्हणतात शिवीगाळ दोन्हीकडून झाली, कंपनी म्हणते हे अंगावर धावून गेले. निलंबन, चौकशी, आणि 12 डिसेंबर 2022 च्या तारखेचं बडतर्फीचं पत्र. रजिस्टर पोस्टानं चार दिवसांनी घरी आलं.

त्यानंतर हे गप्प का बसले? कंपनीतले एक साहेब म्हणाले होते, "वातावरण निवळू दे. सहा महिन्यांनी बघतो. कोर्टात गेलास तर मात्र दार कायमचं बंद." सहा महिन्यांनी साहेबच दुसऱ्या कंपनीत गेले. मग एका पुढाऱ्याचं पत्र झालं. मग कंपनीच्या मोठ्या साहेबांना तीन अर्ज, एकाचंही उत्तर नाही. दरम्यान खोली सोडून गावी आले, आता दुसऱ्याचा पिकअप चालवतात.

युनियन नव्हती. कोणी म्हणतं मुदत 90 दिवसांची असते, संपलं सगळं. कोणी म्हणतं कामगाराला मुदतच नसते. खरं काय?

---

फुकट_सल्ला | 5 सप्टेंबर, सकाळी 7:05

पावणेतीन वर्षं झोपले होते का दाजी? आता पिकअपच चालवू द्या. कोर्टात जाऊन चप्पल झिजवण्यापेक्षा तेवढ्यात स्वतःचा पिकअप होईल.

---

एचआरवाला | 5 सप्टेंबर, सकाळी 9:40

टोमणा सोडला तर वरच्या प्रतिसादात थोडं तथ्य आहे. मी टेबलाच्या पलीकडचा माणूस, शिव्या पडतील हे माहीत आहे. पण कंपनीच्या बाजूनं बघा. त्या मशीनवर दुसरा माणूस उभा राहून अडीच वर्षं झाली. तो इनचार्ज बहुधा नोकरी सोडून गेला. कॅमेऱ्याचं चित्रण तर महिन्या-दोन महिन्यांत पुसलं जातं. आता केस उभी राहिली तर साक्षीला आणायचं कोणाला? उशिराचा मुद्दा कंपनीचा वकील पहिल्याच पानावर घेतो, आणि तो नुसता खोडसाळपणा नसतो.

दोन प्रश्न. पत्रात हुद्दा काय लिहिलाय? आणि फुल अँड फायनल, म्हणजे शेवटचा हिशोब, घेतला का?

---

कोयनाकाठ | 5 सप्टेंबर, सकाळी 10:15

हुद्दा "टीम लीडर". पण काम मशीनवरच, हाताखाली दोन हेल्पर. हिशोबाच्या कागदावर सही केलेली नाही. पीएफ मात्र काढला, ताईच्या ऑपरेशनला लागला.

---

कोल्हापुरी_कोट | 5 सप्टेंबर, दुपारी 3:30

आधी एक सांगतो, आज दुसरं काही करू नका, कॅलेंडर काढा. बडतर्फी 12 डिसेंबर 2022. म्हणजे 12 डिसेंबर 2025 ला तीन वर्षं पुरी होतात. तुमच्याकडे तीन महिने आणि सात दिवस आहेत. सरळ दार अजून उघडं आहे, पण त्याच्या आधी एक ओसरी लागते आणि तिथे दीड महिना जातो.

आता नीट सांगतो. "मुदत किती" याला एकच उत्तर नाही, कारण दारं अनेक आहेत आणि प्रत्येकाचं घड्याळ वेगळं आहे.

90 दिवस म्हणणाऱ्यानं ऐकलंय ते महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्याबद्दल, ज्याला आम्ही कोर्टात नुसतं "यूएलपी" म्हणतो. अनुचित कामगार प्रथा. त्याच्या कलम 28 खाली तक्रार 90 दिवसांत करायची. दाजींचे 90 दिवस मार्च 2023 मध्येच संपले. सबळ कारण दाखवलं तर कोर्ट उशीर माफ करू शकतं, पण अडीच वर्षांच्या उशिराला "साहेब बघतो म्हणाले" हे कारण पुरेल असं मला वाटत नाही.

दुसरं दार 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्याचं. तिथलं कलम 2अ हे युनियन नसलेल्या एकट्या कामगारासाठीच आहे. 2010 च्या दुरुस्तीनं त्यात अशी सोय झाली की आधी समेट अधिकाऱ्याकडे, म्हणजे कामगार आयुक्तांच्या कार्यालयात अर्ज द्यायचा. 45 दिवसांत तिथे काही जमलं नाही तर सरकारच्या संदर्भाची, म्हणजे रेफरन्सची वाट न बघता थेट लेबर कोर्टात जाता येतं. अट एकच, काढल्यापासून तीन वर्षांच्या आत.

येत्या आठवड्यात अर्ज गेला तर ऑक्टोबरच्या शेवटी 45 दिवस भरतात. पुढे साधारण दीड महिना हातात राहतो. त्याच सुमारास दिवाळी आहे, हे लक्षात ठेवा.

आणि दोन्ही दारांत एकेक पाय ठेवू नका. यूएलपी कायद्याचं कलम 59 असं की एकीकडे प्रकरण दाखल झालं की त्याच विषयावर दुसरीकडे उभं करत नाहीत. घाईत चुकीच्या दारात शिरून अडकलेले लोक मी पाहिलेत.

"टीम लीडर"ला घाबरू नका. कामगार कोण हे पाटीवरून ठरत नाही, हात कुठे काळे होत होते त्यावरून ठरतं. एचआरवाल्यांना हे माझ्याइतकंच ठाऊक आहे. :)

---

एचआरवाला | 5 सप्टेंबर, दुपारी 4:10

ठाऊक आहे. म्हणूनच हल्ली सगळ्यांना "लीडर" करतात.

---

खडूफळा | 5 सप्टेंबर, रात्री 9:50

शिक्षकदिनाच्या दिवशी हा धागा दिसावा! माझं ऐका, कारण मी यातून गेले आहे.

खाजगी अनुदानित शाळेत होते. संस्थेनं एका सोमवारी तोंडी सांगितलं, "उद्यापासून येऊ नका." हजेरीपटावर सही करू देईनात. लेखी आदेश नाही. मी काय केलं, तर शिक्षणाधिकारी कार्यालयात अर्ज. मग उपसंचालकांकडे अर्ज. मग एका आमदारांचं पत्र. प्रत्येक ठिकाणी सांगायचे, "संस्थेला कळवतो." आठ महिने गेले. मग कोणीतरी सांगितलं की खाजगी शाळांच्या 1977 च्या कायद्यात शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करायचं असतं आणि मुदत आहे 30 दिवस. तीस! मला घामच फुटला.

विलंब माफीच्या अर्जासह अपील केलं. न्यायाधिकरणानं विलंब माफ केला, माझ्यावर दोन हजारांचा खर्च बसवून. वाटलं, सुटलो. छे! संस्था त्या माफीच्या आदेशावरच हायकोर्टात गेली. तिथे दोन वर्षं गेली. मला काढणं बरोबर की चूक हा विषयच नाही, मी आठ महिने उशिरा का आले यावरच वाद. शेवटी विलंबमाफी टिकली, पण मूळ अपिलाचा पहिला शब्द बोलला जाईपर्यंत माझं वय तीन वर्षांनी वाढलं होतं.

उशिरानं केस मरतेच असं नाही. पण कटघऱ्यात संस्था असायला हवी तिथे मी उभी राहिले. आठ महिने काय करत होतात, हे मलाच विचारत होते.

---

आवक_जावक | 6 सप्टेंबर, सकाळी 6:30

मी कामगार खात्यात सत्तावीस वर्षं कारकुनी केली, आता निवृत्त. कायदा कोटवाले साहेब सांगतीलच, मी कागदाचं सांगतो.

अर्ज दोन प्रतींत न्या. दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का, तारीख आणि सही घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. "ठेवून जा, साहेब आल्यावर देतो" म्हटलं तर थांबा. 45 दिवस त्या शिक्क्यापासून मोजायचे आहेत. आमच्याकडे लोक यायचे, "अर्ज दिला होता हो!" पोच दाखवा म्हटलं की खिसे चाचपायचे.

बडतर्फीच्या पत्राचं पाकीट जपलंय का? पाकिटावरच्या पोस्टाच्या शिक्क्यालाही किंमत असते. आरोपपत्र, चौकशीच्या रोजच्या कामकाजाच्या प्रती, शेवटच्या सहा महिन्यांच्या पगारचिठ्ठ्या हेही शोधा. दाजींनी दिलेल्या त्या तीन अर्जांच्या पोचा?

---

कोयनाकाठ | 6 सप्टेंबर, सकाळी 8:00

दोन अर्ज स्पीडपोस्टानं, त्याच्या पावत्या ताईनं देव्हाऱ्याच्या खणात ठेवल्या आहेत. तिसरा गेटवर वॉचमनच्या हातात दिला. पाकीटही आहे. आज विसर्जन आहे, पण उद्या सगळे कागद लावतो.

त्या अर्जांमुळे मुदत पुढे सरकते ना? शेवटचा अर्ज जानेवारी 2024 चा आहे.

---

कोल्हापुरी_कोट | 6 सप्टेंबर, सकाळी 11:25

नाही सरकत. सगळ्यांत जास्त माणसं फसतात ती इथेच. अर्जावर अर्ज केल्यानं घड्याळ थांबत नाही. सरकारी नोकरांच्या बाबतीत हे सर्वोच्च न्यायालयानं 1989 मध्येच एस. एस. राठोड प्रकरणात सांगितलं: कायद्यात असलेलं अपील हे अपील, वरचेवर दिलेली निवेदनं ही निवेदनं, त्यांनी मुदत वाढत नाही. 2008 चं सी. जेकब प्रकरण आणखी पुढे जातं. अठरा वर्षांनी अर्ज करायचा, त्यावर खात्यानं नकाराचं उत्तर पाठवलं की त्या उत्तराच्या तारखेपासून नवी मुदत मोजायची, ही युक्ती कोर्टानं चालू दिली नाही. मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, अंतिम आदेशापासून एक वर्ष आहे. तिथेही निवेदनांचे गठ्ठे घेऊन तीन-चार वर्षांनी येणारे लोक असतात.

मग दाजींचे अर्ज वाया गेले का? तसंही नाही. मुदतीसाठी उपयोग नाही, पण माणूस हक्क सोडून घरी बसला नव्हता हे दाखवायला आहे. त्या स्पीडपोस्टाच्या पावत्या देव्हाऱ्यातच राहू द्या, जागा योग्य आहे.

---

भोंगा | 6 सप्टेंबर, दुपारी 1:15

आमच्या घरात हीच गोष्ट चाळीस वर्षांपूर्वी घडली. वडील लालबागला गिरणीत, साच्यावर, म्हणजे मागावर. 18 जानेवारी 1982 ला संप सुरू झाला. पुढे गिरणीनं कामावरून कमी केल्याचं पत्र पाठवलं. वडिलांनी ते न फोडता कपाटात टाकलं. म्हणायचे, संप मिटला की सगळेच आत जाणार, माझ्या एकट्याच्या पत्राला काय अर्थ? गिरण्यांना मुंबई औद्योगिक संबंध कायदा लागू होता, त्यात तीन महिन्यांच्या आत मालकाकडे रीतसर "अ‍ॅप्रोच लेटर" द्यावं लागायचं. हे आम्हाला कळलं 1985 मध्ये, शेजारच्या खोलीतल्या बदली कामगाराकडून. संप मिटल्याचं तर कोणी कधी जाहीर केलंच नाही.

वडील झोपले नव्हते, फुकट_सल्ला. रोज सकाळी सातला गिरणीच्या गेटपर्यंत जाऊन येत होते.

---

फुकट_सल्ला | 6 सप्टेंबर, दुपारी 1:40

शब्द मागे घेतो. सॉरी, कोयनाकाठ.

---

एसटीतला | 6 सप्टेंबर, संध्याकाळी 5:10

पण वाट बघणं दर वेळी मूर्खपणाच असतो असं नाही हं. 2021-22 च्या आमच्या संपात कितीतरी जण बडतर्फ झाले होते. हायकोर्टानं 22 एप्रिल 2022 पर्यंत हजर व्हायला सांगितलं आणि काढलेले लोक परत कामावर आले. थांबला तो परत आला असं लोकांनी डोळ्यांनी पाहिलंय. त्यामुळे पुढच्या वेळी कोणाला एकट्याला काढलं की तोही थांबतो.

फरक एवढाच की तेव्हा हजारो होते आणि कोर्टात प्रकरण चालू होतं. एकट्याला "थांब" म्हणतात तेव्हा त्यामागे काहीच चालू नसतं.

---

नेकार | 6 सप्टेंबर, रात्री 11:55

जर्मनीतून. इथे लेखी नोटीस हातात पडल्यापासून तीन आठवडे. वर्षं नाहीत, महिने नाहीत, आठवडे. त्यात लेबर कोर्टात दावा नाही गेला तर नोटीस कितीही बेकायदा असो, पहिल्या दिवसापासून कायदेशीर धरतात. अपवाद आहेत, पण फार अरुंद. माझ्या ओळखीतला एक मराठी मुलगा भारतात सुट्टीवरून परतायची वाट बघत बसला आणि एकविसावा दिवस विमानात गेला. उलट, नोटीस कागदावर आणि शाईच्या सहीचीच लागते, ईमेलवर काढलं तर ते काढणंच नव्हे.

आधी मला हे क्रूर वाटायचं. आता वाटतं, तीन आठवड्यांमुळे इथे "बघू, थांब" म्हणणाऱ्या साहेबावर कोणी विसंबत नाही. पहिल्याच दिवशी वकील.

---

कोयनाकाठ | 7 सप्टेंबर, रात्री 10:30

कागद लावले. एक शंका. शेजारचे एक काका म्हणाले की सर्वोच्च न्यायालयानं कामगाराला मुदत नाही असं सांगितलंय, कशाला धावपळ करता?

---

कोल्हापुरी_कोट | 8 सप्टेंबर, दुपारी 2:05

काका अर्धं बरोबर आहेत, आणि तेच धोक्याचं आहे.

1999 च्या अजायब सिंग प्रकरणात सात वर्षांनी आलेल्या कामगाराबद्दल कोर्टानं म्हटलं की मुदतीच्या कायद्यातलं कलम 137 या विवादांना लागू नाही. उशीर झाला म्हणून दार बंद करू नका, देण्याघेण्यात त्याचा हिशोब करा. आणि तसाच केला, गप्प बसलेल्या वर्षांचा पगार त्याला दिला नाही. लोकांच्या लक्षात पहिलं वाक्य राहतं.

पुढच्याच वर्षी नेडुंगडी बँकेच्या प्रकरणात तेवढाच, सात वर्षांचा उशीर होता. तिथे कोर्टानं विवाद शिळा झाला म्हणून सरकारचा संदर्भच रद्द केला. 2015 च्या प्रभाकर प्रकरणात चौदा वर्षं होती. तिथे सांगितलं की मुदत लिहिलेली नसली तरी विवाद जिवंत असावा लागतो, आणि इतकी वर्षं कोणी चकार शब्द काढला नाही तर तो मेलेला. म्हणजे एकाच उशिराला एकदा हो, एकदा नाही. कुठलं पारडं जड होईल हे तुमच्या कागदांवर आणि समोर बसलेल्या न्यायाधीशांवर. तीन वर्षांच्या आतलं दार हाताशी असताना हा जुगार कशाला?

पगाराचं आजच सांगून ठेवतो. दाजी परत लागले तरी मधल्या वर्षांचा सगळा पगार मिळेल असं धरून चालू नका. 2013 च्या दीपाली सुरवसे प्रकरणाचा, म्हणजे महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या खटल्याचा, आधार मिळेल: काढणं बेकायदा ठरलं तर मागचा पगार हा सर्वसाधारण नियम. पण मधल्या काळात कमाई होती का, हे विचारतात. पिकअपची कमाई लपवू नका. किती दिवस काम, किती पैसे, खरं लिहा. उलटतपासणीत ती गोष्ट कंपनीच्या वकिलाच्या तोंडून बाहेर आली तर बाकी खऱ्यावरही विश्वास बसत नाही.

उशिराचं कारण लिहितानाही तेच. "आजारी होतो" असं लिहायला सांगणारे भेटतील. नका लिहू. साहेब काय म्हणाले, कोणत्या महिन्यात, मग कोणाकडे गेलात, तारीखवार लिहा. साहेबांचा एखादा मेसेज फोनमध्ये आहे का?

---

आवक_जावक | 8 सप्टेंबर, दुपारी 2:50

जुना फोन मुलांना खेळायला दिला असेल तर आधी काढून घ्या.

---

कोयनाकाठ | 9 सप्टेंबर, रात्री 9:15

पुण्याला जाऊन आलो. अर्ज दिला, शिक्का घेतला, आजची तारीख. खिडकीवर खरंच म्हणाले, "ठेवून जा." दाजी म्हणाले, "थांबतो." पाऊण तास थांबलो.

जुना फोन भाच्याकडेच होता. काच फुटलेली, पण चालू झाला. एप्रिल 2023 चा मेसेज आहे: "जरा धीर धर, कोर्टाचं डोक्यातून काढ, मी बोललोय वर." दाजी तो मेसेज बराच वेळ बघत बसले.

---

खडूफळा | 9 सप्टेंबर, रात्री 9:40

त्या मेसेजचा स्क्रीनशॉट तर घ्याच, पण फोनही फेकू नका. माझ्याकडे सगळं तोंडी होतं.

---

कोयनाकाठ | 10 नोव्हेंबर, रात्री 8:20

बरेच दिवसांनी. समेट अधिकाऱ्यांकडे तीन तारखा झाल्या. पहिलीला कंपनीचं कोणी आलं नाही. दुसरीला वकील आले आणि मुदत मागितली. तिसरीला म्हणाले, "परत घेणं शक्य नाही, काही रक्कम बोलू." रक्कम ऐकून दाजी उठून उभे राहिले.

45 दिवस 24 ऑक्टोबरला भरले. दिवाळीमुळे वकील भेटायला आठवडा गेला. शुक्रवारी, 7 नोव्हेंबरला लेबर कोर्टात अर्ज दाखल झाला. पस्तीस दिवस शिल्लक होते.

---

एचआरवाला | 10 नोव्हेंबर, रात्री 9:00

पहिला आकडा नेहमीच उठून उभं राहण्यासारखा असतो. कंपनी दुसरा सांगेल, तेव्हा निदान बसून ऐका. चौकशी नियमात झालेली असली तरी शिक्षा जास्त वाटली तर कोर्टाला 1947 च्या कायद्याच्या कलम 11अ खाली ती बदलता येते, हे आमच्या वकिलांनाही माहीत असतं.

---

कोल्हापुरी_कोट | 22 नोव्हेंबर, सकाळी 10:45

धागा वर काढतोय. काल, 21 नोव्हेंबरपासून औद्योगिक संबंध संहिता लागू झाली. 1947 चा कायदा तिच्यात गेला. नव्या संहितेत तीनाच्या जागी दोन वर्षं आहेत. समेट अधिकाऱ्यानं दोन वर्षांनंतर विवाद हाती घ्यायचा नाही, आणि समेट फसल्याचा अहवाल मिळाला की 90 दिवसांत न्यायाधिकरणात जायचं. धागा वाचून आपल्या कोणाची तारीख मोजणाऱ्यांनी इथून पुढे तीन नव्हे, दोन धरा.

कोयनाकाठ, तुमचा अर्ज चौदा दिवस आधी गेला.

---

कोयनाकाठ | 22 नोव्हेंबर, रात्री 10:05

ताईला वाचून दाखवलं. तिनं देव्हाऱ्याच्या खणातून पावत्या काढून फाइलला लावल्या, खणात आता कोर्टाची पोच आहे. पुढची तारीख जानेवारीत, कंपनीचं म्हणणं यायचंय. दाजींनी त्या दिवशीची सुट्टी पिकअपच्या मालकाकडे आत्ताच सांगून ठेवली.